नगरसेवक, आमदार आणि आपण
(विहाराच्या वर्धापन दिनाच्या कार्यक्रमात झालेले भाषण)



समितीने आम्हाला विषय दिला 'नगरसेवक ते आमदार'. फलकावर विषय लागल्याबरोबर दोन-चार मंडळी आमच्याकडे आली नि म्हणाली, "भाऊ, अमक्याचं नाव घेऊ नका, तमक्याला राग येईल." तेव्हा आधीच सांगतो, ज्यांना राग येऊ शकतो अशा कोणाचंही नाव आज आम्ही घेणार नाही. ज्या माणसाबद्दल बोलायचं आहे त्यांना जाऊन पन्नास वर्षांच्या वर काळ लोटला. ते आपल्या समाजातले नव्हते, आपल्या पक्षाचेही नव्हते. पण गल्लीतला साधा माणूस महापालिकेत कसा जातो, तिथून विधानसभेत कसा पोचतो, आणि पोचल्यावर त्याचं व आपलं काय होतं, हे समजून घ्यायला त्यांच्याइतकं चांगलं उदाहरण गिरणगावात दुसरं नाही. त्यांचं नाव कॉम्रेड कृष्णा देसाई.

आम्ही त्यांना पाहिलेलं नाही. ते गेले तेव्हा आम्ही पाळण्यात होतो. पुढे साचेखात्यात बदली म्हणून लागलो तेव्हा ब्याऐंशीचा संपसुद्धा होऊन गेलेला होता. पण जेवणाच्या सुट्टीत जुनी माणसं डबा सोडून बसली की हे नाव हमखास निघायचं. मग आम्ही ग्रंथालयात जाऊन वाचत गेलो. शाळा आमची अर्धीच झाली, बाकीची तिथेच केली.

आधी एक गोष्ट ध्यानात घ्या. कामगार माणूस नगरसेवक होणं ही काही पूर्वीपासूनची रीत नाही. मुंबई महापालिकेचा कायदा १८८८ सालचा. पण कित्येक वर्षं तिथं मत देण्याचा अधिकार होता तो घरपट्टी भरणाऱ्याला, शिकलेल्याला, आणि पुढे ठराविक भाडं भरणाऱ्याला. आता तुम्हीच सांगा, एका खोलीत पंधरा-वीस माणसं पाळीपाळीने झोपायची, त्यातला भाडेकरू कोण? पावती एकाच्या नावाची. बाकीचे गावाहून आलेले, खाणावळीत जेवणारे, वळकटी उशाला घेणारे. त्यांना मतच नाही. मुंबईत प्रत्येक प्रौढ माणसाला महापालिकेचं मत मिळालं ते १९४८ सालच्या निवडणुकीत. म्हणजे देश स्वतंत्र झाल्यावर. त्यानंतरच गिरणगावातून गिरणगावातली माणसं महापालिकेत जायला लागली. कृष्णा देसाई हे त्यांतलेच, मूळचे कोकणातले, लालबाग-परळच्या कामगारांतून वर आलेले. चार वेळा ते नगरसेवक म्हणून निवडून गेले. एकदा माणूस वाऱ्यावर निवडून येतो. चार वेळा निवडून यायचं तर दाराशी येणाऱ्याचं काम करावं लागतं.

ते काम काय असतं हे इथल्या आयाबहिणींना आम्ही सांगायची गरज नाही. नळाला पाणी किती वाजता येतं, संडासाचं दार तुटलं तर किती दिवसांनी बसतं, गटार तुंबल्यावर कोण येतं, म्युनिसिपल शाळेत मास्तर आहे का, दवाखान्यात औषध आहे का. नगरसेवकाचं सगळं राज्य एवढ्यात. आणि त्यातही खरी सत्ता आयुक्ताची, आयुक्त नेमणार सरकार. नगरसेवकाच्या हातात काय, तर ओरडणं, बजेटात तरतूद मागणं, समितीत बसणं आणि वॉर्ड ऑफिसरच्या टेबलापुढे उभं राहणं. पण हे उभं राहणंच माणसं लक्षात ठेवतात. नळ आला की त्या नळाला वर्षानुवर्षं त्याचंच नाव लागतं.

त्या काळची महापालिकाही निराळी होती. १९५७ साली संयुक्त महाराष्ट्र समितीने ती जिंकली. समितीत आपला पक्षही होता, कम्युनिस्ट होते, समाजवादी होते, शेतकरी कामगार पक्ष होता. त्या वर्षी आचार्य दोंदे महापौर झाले. १९५८ साली गिरणी कामगारांचे पुढारी कॉ. मिरजकर झाले. आणि १९५९ साली आपले पी. टी. बोराळे महापौर झाले, या शहराचे पहिले दलित महापौर. आज किती घरांत मुलांना हे नाव माहीत आहे? नातवाला क्रिकेटच्या अकरा जणांची नावं तोंडपाठ असतात, त्याला आमची हरकत नाही, पण हे बारावं नाव तेवढं त्याला सांगा.

तर कृष्णा देसाई. ते काही गोड गोड बोलणारे पुढारी नव्हते. दंडातल्या ताकदीसाठीही त्यांचं नाव घेतलं जायचं. शिवसेना १९६६ साली निघाली, वस्तीवस्तीतली तरुण पोरं तिकडे ओढली जायला लागली, तेव्हा त्यांनी पोरांसाठी लोकसेवा दल काढलं. डिसेंबर १९६७ मध्ये परळच्या दळवी बिल्डिंगमधल्या गिरणी कामगार युनियनच्या कचेरीवर हल्ला झाला. हा असा काळ. आम्ही काही त्या काळाला सत्ययुग म्हणत नाही. जुने कामगार सांगायचे, संध्याकाळी कोणत्या गल्लीतून जायचं नि कोणत्या गल्लीतून नाही, हे ठरलेलं असे.

१९६७ च्या निवडणुकीत ते परळमधून आमदार झाले. त्याच निवडणुकीत दक्षिण मुंबईत जॉर्ज फर्नांडिस यांनी स. का. पाटलांना पाडलं. पाटील या शहराचे तीन वेळा महापौर झालेले, केंद्रात मंत्री राहिलेले. आणि पाडणारा कोण? तोही मुंबईचा नगरसेवकच. म्हणजे हा जिना तेव्हा चालता होता. खालच्या पायरीवर काम केलेला माणूस वरच्या पायरीवर जाऊ शकत होता, पैसा नसला तरी. पण एक वॉर्ड सांभाळणं नि मतदारसंघ जिंकणं यात फरक आहे. नगरसेवकाला त्याचा एक वॉर्ड ओळखतो. आजचा हिशेब घ्या, मुंबईत २२७ नगरसेवक नि ३६ आमदार. एका आमदाराच्या वाट्याला साधारण सहा वॉर्ड येतात. तुमच्या नळाला ज्याचं नाव, त्याला शेजारच्या पाच वॉर्डांत कोण ओळखतो? तिथं त्याची ओळख कोणीतरी न्यावी लागते. कृष्णा देसाईंची ओळख युनियनने नेली, पक्षाच्या कार्यकर्त्यांनी नेली, गिरणीत एका खात्यात काम करून वेगवेगळ्या चाळींत राहणाऱ्या माणसांनी नेली. आज तीच ओळख बॅनर नेतो. वाढदिवसाचा बॅनर, दहीहंडीचा बॅनर, आणि आमच्या जयंतीच्या कमानीवरसुद्धा हात जोडलेला फोटो. बॅनरला पैसा लागतो. तो जिथून येतो तिथं पुढे परत करावा लागतो, हे सांगायला ज्योतिषी नको.

आता मुख्य मुद्द्याकडे येतो. नगरसेवक आमदार झाला म्हणजे काय झालं? वस्तीत आपण म्हणतो, "आपला माणूस मोठा झाला." पेढे वाटतो. दुसऱ्या दिवशी त्याच्या दारात जातो नि काय मागतो? नळ. तोच नळ! मंडळी, विधानसभेत नळ बसवत नाहीत. तिथं कायदे होतात. आणि आपलं आयुष्य नळाने जेवढं बदललं त्याच्यापेक्षा जास्त त्या कायद्यांनी बदललं आहे, चांगलंही नि वाईटही.

हे बाबासाहेबांनी फार आधी ओळखलं होतं. १९३७ साली ते मुंबईतून विधानसभेत निवडून गेले, स्वतंत्र मजूर पक्षाकडून. तिथं जाऊन त्यांनी पहिल्यांदा हात घातला तो खोती बंद करण्याच्या विधेयकाला. आणि १९३८ साली सरकारने संपावर बंधनं घालणारं औद्योगिक कलहाचं विधेयक आणलं, तेव्हा सभागृहात तर ते लढलेच, पण बाहेर ७ नोव्हेंबर १९३८ ला कम्युनिस्टांना बरोबर घेऊन एक दिवसाचा संप केला. आत बोलायचं नि बाहेर माणसं उभी करायची, ही दोन्ही कामं एकाच वेळी. ते विधेयक तरीही पास झालं. पुढे १९४६ साली त्याच वळणावरचा मोठा कायदा आला, मुंबई औद्योगिक संबंध कायदा. आम्ही कामगार त्याला नुसतं 'बी.आय.आर.' म्हणायचो. त्या कायद्याने एका धंद्यात एकच प्रातिनिधिक युनियन. तुम्ही दुसऱ्या युनियनमध्ये असा, सगळं खातं तिच्या मागं असो, मालकाशी बोलण्याचा हक्क त्या एकीलाच. अडीच लाख कामगार १८ जानेवारी १९८२ ला संपावर गेले, त्यांच्या मागण्यांत पगारवाढ होती तशी हा कायदा रद्द करा ही मागणीही होती. कायदा रद्द झाला नाही. संप कधी मिटला ते कोणी जाहीर केलं नाही, पण गिरणगाव मिटलं. आता मला सांगा, हा कायदा वॉर्ड ऑफिसात झाला होता काय?

म्हणून कृष्णा देसाईंसारखा माणूस सभागृहात जाणं मोलाचं होतं. कामगाराला कायदा कुठं टोचतो हे त्याला पुस्तकातून वाचावं लागत नव्हतं. पण त्यांना मिळाली फक्त तीन वर्षं. ५ जून १९७० च्या रात्री लालबागच्या तावरीपाड्यात त्यांच्यावर हल्ला झाला नि त्यांचा खून झाला. आमदार होता माणूस, पण रात्रीचा आपल्या वस्तीतच होता, आपल्या लोकांत. जुने कामगार हे सांगताना थांबायचे. त्या खटल्यात शिवसेनेशी संबंधित तरुणांवर आरोप ठेवले गेले, शिक्षाही झाल्या. ती पोरंही गिरणगावातलीच. कोणाच्या तरी आईची पोरं. वीस-बावीस वर्षांच्या पोरांच्या हातात सुरा कोण देतो नि स्वतः कुठे बसतो, ही गोष्ट आपल्या वस्तीतल्या पोरांनाही लागू आहे, कोणत्याही झेंड्याखाली असोत.

पुढे त्या जागेची पोटनिवडणूक झाली ऑक्टोबर १९७० मध्ये. पक्षाने त्यांच्या पत्नी सरोजिनी देसाई यांना उभं केलं. समोर शिवसेनेचे वामनराव महाडिक. महाडिक जिंकले, १,६७९ मतांनी. शिवसेनेचा पहिला आमदार तो. खून झालेल्या आमदाराची विधवा त्याच्याच गल्ल्यांत पडली, हे ऐकून आजही अंगावर काटा येतो. पण फक्त काटा येऊन भागत नाही, का पडली हे बघायला पाहिजे. १,६७९ मतं म्हणजे दहा-बारा चाळी. युनियनमध्ये वर्गणी भरणारा माणूस मत देताना वेगळा विचार करू लागला होता. गिरणीत तो कामगार होता, घरी आल्यावर मराठी होता, गणपतीत मंडळाचा होता. त्याच्या बेकार पोराला शाखेने जागा दिली, कोणीतरी नाव विचारलं, काम सांगितलं. युनियनचं सगळं लक्ष गिरणीच्या गेटवर. घरी बसलेल्या पोराला ती काय देणार? हे आमचं मत आहे, कोणाला पटेल, कोणाला नाही.

आणि न्यायाने सांगायचं तर वामनराव महाडिकही त्याच जिन्याने वर आलेले, खालून. महापालिकेची माणसं. पुढे १९७८ साली ते महापौर झाले, १९८९ साली खासदारही झाले. मनोहर जोशी १९६८ साली नगरसेवक, १९७६ साली महापौर, १९९५ साली मुख्यमंत्री. १९६८ च्या निवडणुकीत शिवसेनेचे ४२ नगरसेवक आले होते, त्या ४२ मधून त्यांनी पुढची सगळी माणसं घडवली. विरोधकाचं असलं तरी शिकण्यासारखं ते शिकावं. त्यांनी पायरीवर माणूस बसवला नि त्याला वर ढकललं. आपण काय केलं? आपण पायरीवर बसलेल्या माणसाला खाली ओढायला दुसरा गट काढला.

पण सगळाच दोष आपल्या फाटाफुटीवर टाकू नका. जिन्याची रचनाही तशीच आहे, ती समजून घ्या. २०१७ च्या निवडणुकीत मुंबईत २२७ पैकी १५ वॉर्ड अनुसूचित जातींना राखीव होते. हे वॉर्ड ठरतात सोडतीने, आणि दर वेळी फिरतात. आपली एखादी भगिनी राखीव वॉर्डातून निवडून येते. पहिलं वर्ष तिचं ऑफिसं ओळखण्यात जातं, दुसऱ्या वर्षी कागद लिहायला शिकते, चौथ्या-पाचव्या वर्षी कुठं वॉर्ड ऑफिसर तिला उठून खुर्ची देतो. आणि मग सोडत निघते नि वॉर्ड खुला होतो. ज्या पक्षाने काल तिला घरी येऊन तिकीट दिलं तो आज फोन उचलत नाही. खुल्या वॉर्डात आपल्या माणसाला तिकीट देणारे किती ते तुम्हाला माहीत आहे. उलट विधानसभेचे राखीव मतदारसंघ दर वेळी फिरत नाहीत. मुंबईत ते दोनच, धारावी नि कुर्ला. म्हणजे खाली दर पाच वर्षांनी पायरी काढून घ्यायची, आणि वर दोनच खुर्च्या. मधे माणूस चढणार कसा? कृष्णा देसाई चार वेळा निवडून आले म्हणून त्यांचं नाव घट्ट बसलं. आपल्या नगरसेवकाला दुसरी वेळच मिळत नाही. आरक्षण नको असं आम्ही म्हणत नाही, कोणी विपर्यास करू नये. आरक्षण नसतं तर पहिली वेळही मिळाली नसती. पण एकदा निवडून आलेल्या आपल्या माणसाला खुल्या वॉर्डातही उभं करायला लावणं, हे काम पक्षांवर दबाव आणून वस्तीलाच करावं लागेल.

मार्च २०२२ मध्ये तर मुंबईची सगळी पायरीच गेली. महापालिकेची मुदत संपली, प्रशासक बसला, आणि साडेतीन वर्षांहून जास्त काळ या शहरात एकही नगरसेवक नव्हता. तेव्हा काय झालं ते आपण पाहिलं. गटार तुंबलं की आमदार, दिवा गेला की आमदार, विहारापुढे लादी बसवायची तरी आमदार. आमदारही खूश, कारण लादीवर नाव लागतं, कायद्यावर लागत नाही.

आणि जिथं नाव लागत नाही तिथंच आपलं नुकसान होतं. गिरण्यांच्या जमिनीचं बघा. १९९१ च्या विकास नियंत्रण नियमावलीत ५८ नंबरचा नियम होता. गिरणीची जमीन मालकाने विकायला, बांधायला काढली तर एक हिस्सा महापालिकेला मोकळ्या जागेसाठी, एक हिस्सा म्हाडाला घरांसाठी, उरलेला मालकाला. २००१ साली सरकारने अधिसूचना काढून तो बदलला. हिस्से पडणार ते फक्त आधीच मोकळ्या असलेल्या जागेचे, जिथं शेड नि इमारती उभ्या होत्या ती जमीन वाटणीतून बाहेर. मूळ शब्द चार, बदल दोन ओळींचा, पण एकरच्या एकर गेले. कोर्टात भांडण झालं, मार्च २००६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने बदल कायम ठेवला. घरासाठी अर्ज केले सुमारे दीड लाख कामगारांनी आणि वारसांनी. २०१२ साली पहिली मोठी सोडत निघाली ती सात हजारांहून कमी घरांची. राहिलेल्यांना मुंबईबाहेर शेलू-वांगणीकडे बघा अशी भाषा झाली. ज्यांनी गिरणगाव वसवलं त्यांच्या नातवांनी कर्जतच्या गाडीत लोंबकळत यायचं! नियम बदलला त्या वर्षी आपल्या आमदाराला त्याबद्दल एक प्रश्न किती वस्त्यांनी विचारला? आम्ही चौकशी केली तेव्हा जुन्या मंडळांच्या फायलींत निवेदनं सापडली ती समाजमंदिराच्या पत्र्यांची, बोअरिंगची, कमानीची.

म्हणून आमच्या कामगार मंडळाने एक साधी गोष्ट सुरू केली आहे, तिची माहिती देतो नि खाली बसतो, पुढे मुलांचा कार्यक्रम आहे. आम्ही दोन वह्या घातल्या. एका वहीवर नगरसेवकाचं नाव, दुसरीवर आमदाराचं. नळ, गटार, दिवा, शाळा, दवाखाना पहिल्या वहीत. घराचा हक्क, पुनर्विकासाचे नियम, कामगारांची देणी, मुलांची शिष्यवृत्ती दुसऱ्या वहीत. कोण भेटायला गेलं, कोणत्या तारखेला, काय विचारलं, काय उत्तर मिळालं, हे त्याच संध्याकाळी लिहायचं नि जाणाऱ्या दोघांनी सही करायची. आमदाराकडे नळाचं काम घेऊन गेलात तरी चालेल, पण त्याच भेटीत दुसऱ्या वहीतला एक प्रश्न विचारल्याशिवाय उठायचं नाही. पहिली वही आता भरत आली आहे. दुसरीत अजून नऊच पानं लिहिली गेलीत. वह्या विहाराच्या कपाटात आहेत, रविवारी वंदनेनंतर समितीच्या कार्यवाहांकडे मागाव्यात. ज्यांचं अक्षर चांगलं आहे अशा दोन मुलींची आम्हाला गरज आहे, महिला मंडळाने नावं द्यावीत.

जयभीम.